शिसव लावायचा तर आधी मुळाकडे बघा

बारा वर्षांपूर्वी मी शिसवाची म्हणून चाळीस रोपं विकत आणली आणि वरच्या बांधाला लावली. दुसऱ्याच पावसाळ्यात ती माझ्या डोक्यावर गेली. मी खूश होतो. गावातले एक म्हातारे सुतार वाटेने जाताना थांबले, एक पान तोडून हातात घेतलं आणि म्हणाले, "बाळा, हा आपला शिसव नव्हे. ह्याच्या पानाला शेपूट आहे."

ते शिसू होतं. उत्तरेकडे हिमालयाच्या पायथ्याला, नद्यांच्या वाळूत वाढणारं, शिसवाचं चुलत भावंड. झाड वाईट नाही, पण सह्याद्रीच्या उतारावरचं ते नव्हे, आणि ज्या लाकडाचे पाट, चौरंग, झोपाळे आणि देव्हारे आपल्या जुन्या घरांत आहेत ते लाकूड त्याचं नव्हे. दोन वर्षं गेली होती, जागा अडली होती. म्हणून हा लेख ओळखीपासूनच सुरू करतो.

पान हातात घेऊन बघा

शिसवाचं एक पान म्हणजे एका देठावर पाच ते सात पानं. ती समोरासमोर नसतात, एक इकडे तर दुसरं थोडं पुढे तिकडे. प्रत्येक पान जवळजवळ गोल, टोकाकडे बोथट, आणि पुष्कळदा टोकाच्या मधोमध नखाने दाबल्यासारखी बारीक खाच. एकाच देठावरची पानं लहानमोठी असतात, शेंड्याचं बहुधा सगळ्यांत मोठं. शिसूची पानं तीन ते पाच, आणि प्रत्येकाला पुढे एकदम निमुळती होत गेलेली अणी. तीच ती शेपूट. शिसूचा मधला देठही नागमोडी जातो.

रोपवाटिकेत गेलात की एका रोपाची नव्हे, वीस-पंचवीस रोपांची पानं बघा. पाटीवर काय लिहिलंय त्याकडे बघू नका. ‘शिसम’, ‘शिसव’, ‘शिसवी’, ‘रोझवूड’ हे सगळे शब्द दोन्ही झाडांना सर्रास लावले जातात आणि बहुतेक वेळा विकणाऱ्यालाही फरक ठाऊक नसतो. शास्त्रीय नाव विचारा: ‘डाल्बर्जिया लॅटिफोलिया’ म्हणजे आपला शिसव, ‘डाल्बर्जिया सिसू’ म्हणजे शिसू. आणखी एक खूण वेगाची. वर्षभरात माणसाच्या उंचीला जाणारं रोप बघितलं की मला आता संशयच येतो. शिसव पहिली दोन वर्षं वर कमी आणि खाली जास्त वाढतो.

हे ‘खाली जास्त’ नीट समजून घ्या. शिसव लावताना होणाऱ्या बहुतेक चुका या झाडाचं मूळ न ओळखल्याने होतात.

जागा

हे पानझडीच्या डोंगररानातलं झाड आहे. सह्याद्रीचे उतार, सातपुडा, खाली कर्नाटक-केरळचे घाट, सगळीकडे ते ऐन, किंजळ, नाणा, बिबळा, साग यांच्या संगतीत सापडतं. सलग शिसवाचं रान म्हणून नव्हे, इथे एक, तिथे दोन असं. ओढ्याकाठच्या खोल मातीत ते सरळ आणि उंच जातं. तेच कातळावर आलं तर खुरटतं, वाकडं होतं, फांद्याच जास्त फोडतं. पाऊस कितीही असला तरी चालतो, पाणी साचून राहिलेलं मात्र चालत नाही.

जमीन निवडायची माझी रीत साधी आहे. मे महिन्यात पहारीने खड्डा घ्यायला सुरुवात करायची. दीड फुटाखाली पहार खणखणली की तिथे शिसव लावायचा नाही, काजू लावायचा. मऊ माती तीन फुटांपर्यंत मिळाली तर ती जागा शिसवाची. कोकणात अशी जागा डोंगरपायथ्याला, जुन्या वरकसाच्या, म्हणजे डोंगरउतारावरच्या हलक्या जमिनीच्या, खालच्या अंगाला, व्हाळाच्या (ओढ्याच्या) वरच्या काठाला मिळते. घाटमाथ्यावर आजरा, चंदगड, राधानगरी भागात तर बांधाबांधावर मिळते.

अख्खं एकर फक्त शिसवाने भरू नका. रानात तो तसा राहत नाही, आणि एकट्याने दाट लावलेला शिसव खालच्या फांद्या लवकर सोडत नाही असं मी माझ्याच तुकड्यात बघतोय. बांधावर पाच-सहा मीटरवर एक, मध्ये जांभूळ, किंजळ, ऐन, असं मिश्र लावलं की शेजारच्या झाडांच्या सावलीने तो सरळ वर जातो. चिकमगळूर आणि कोडगूच्या कॉफीमळ्यांत सावलीसाठी राखलेले शिसव बघायला मिळाले तर जरूर बघा. मिरीचे वेल अंगावर घेऊन उभे असतात. शेतातल्या उत्पन्नाला अडथळा न करता हे झाड कसं सांभाळता येतं, ते तिथे दिसतं.

बी

शेंगा डिसेंबर ते फेब्रुवारीत तयार होतात. चपट्या, कागदासारख्या, तपकिरी, आत एक ते तीन बिया, क्वचित चार. खाली पडलेल्या गोळा करू नका, त्यांत किडक्या फार असतात. झाडावरच्या, तपकिरी झालेल्या पण अजून न गळालेल्या शेंगा काठीने झोडून खाली अंथरलेल्या चादरीवर पाडा. आईझाड निवडताना खोड बघा. सरळ, बुंध्यापासून वर बराच उंच बिनफांदीचं, पोकळी नसलेलं. एकाच झाडाचं बी घेऊ नका, लांब लांबच्या पाच-सहा झाडांचं मिसळा. आता उरलेल्या शिसवांत चांगली झाडं आधी तुटली आणि वाकडी राहिली आहेत. आपण वाकड्याचंच बी पेरत बसलो तर पुढची पिढीही तशीच उभी राहील.

शेंगा दोन-तीन दिवस उन्हात वाळवायच्या. प्रत्येक बी सोलून काढायची गरज नाही. दोन बियांच्या मधोमध शेंग कात्रीने तोडली की झालं. बी सहा महिन्यांत वापरून टाका. पुढे उगवण झपाट्याने घसरते. ठेवायचंच असेल तर पूर्ण कोरडं करून घट्ट झाकणाच्या डब्यात, गारव्याला.

एक सूचना शेंगावर्गी झाडं लावणाऱ्यांसाठी. सुबाभूळ, बाहवा यांच्या बियांवर आपण उकळतं पाणी ओततो. शिसवाच्या बीवर ते अजिबात करू नका. तिचं कवच मऊ असतं, गरम पाण्याने बी मरते. साध्या गार पाण्यात एक रात्र भिजत घालायची, बस. तरंगलेल्या टाकून द्यायच्या.

पेरणी आणि पिशवी

मार्चमध्ये गादीवाफ्यावर किंवा थेट पिशवीत पेरायचं. बी आडवी ठेवून वर तिच्या जाडीच्या दुपटीइतकी माती, त्यावर भाताचा पेंढा, सकाळ-संध्याकाळ झारीने पाणी. एक ते तीन आठवड्यांत कोंब वर येतो. तो दिसला की पेंढा काढा, पण कडक ऊन लागू देऊ नका. पहिले दोन महिने अर्धी सावली हवी.

पिशवीची उंची हीच इथली मुख्य गोष्ट आहे. वर चार पानं असतात तेव्हा सोटमूळ पिशवीच्या तळाला टेकलेलं असतं. पाच इंची पिशवीत ते तळाशी गोल फिरतं, आणि ते वळण झाडाच्या पायात जन्मभर राहतं. अशी रोपं दोन-तीन वर्षं हिरवी दिसतात आणि एखाद्या उन्हाळ्यात अचानक मान टाकतात. उपटून बघितलं की खाली मुळाचा वाटोळा गुंडाळा निघतो. मी अशी अकरा रोपं उपटली आहेत. नऊ ते बारा इंच उंचीची पिशवी घ्या, तळाला भोकं जास्त पाडा, आणि महिन्यातून एकदा पिशव्या उचलून जागा बदला म्हणजे मूळ जमिनीत घुसणार नाही.

पिशवीत भरायला दोन भाग लाल माती, एक भाग कुजलेलं शेणखत, माती चिकट असेल तर एक भाग वाळू. आणि प्रत्येक पिशवीत एक मूठ माती जुन्या शिसवाखालची. या झाडाच्या मुळांवर गाठी असतात, त्यांतले जिवाणू हवेतला नत्र धरतात. ते जिवाणू त्या मुठीतून येतात. दोन ओळींत मी हा फरक करून बघितला, एकीला रानातली माती घातली आणि एकीला नाही. सप्टेंबरपर्यंत पानांचा रंग वेगळा झाला होता. नुसती शेणखताची ओळ फिकट.

मुळांपासून रोप

बियांपेक्षा मला ही रीत जास्त आवडते, आणि जिथे चांगलं आईझाड जवळ आहे तिथे मी हीच सुचवीन. शिसवाच्या आडव्या मुळांना जखम झाली की तिथून कोंब फुटतात. रानातही त्याची बरीचशी नवी झाडं अशीच येतात. रस्त्यासाठी दरड कापली असेल तर वर्षभराने तिथे बघा: उघड्या पडलेल्या मुळांवर ओळीने खाच असलेली कोवळी पानं दिसतील. जावा बेटावर हेच झाड ‘सोनोकेलिंग’ नावाने लावतात आणि तिथली लागवड मुख्यतः मुळांच्याच तुकड्यांवर चालते.

दोन प्रकारे करता येतं.

पहिला प्रकार, मुळाचे तुकडे. पहिले एक-दोन पाऊस पडून माती मऊ झाली की आईझाडापासून अडीच-तीन मीटर अंतर सोडून एकाच बाजूला चर घ्या. करंगळी ते अंगठा एवढ्या जाडीची मुळं धारदार कोयत्याने कापा, ठेचू नका. वीतभर लांबीचे तुकडे करा. झाडाकडचं टोक वर, हे विसरू नका. मी झाडाकडच्या टोकाला सरळ काप आणि दुसऱ्या टोकाला तिरका काप देतो, म्हणजे गोंधळ होत नाही. तुकडा पिशवीत उभा पुरायचा, वरचं टोक जेमतेम बोटाच्या पेराएवढं बाहेर. ओलावा ठेवा, चिखल नको. तीन ते सहा आठवड्यांत कोंब येतात. दोन-तीन आले तर जोमदार एक ठेवून बाकीचे खुडा. चर लगेच मातीने बुजवा, आणि त्याच झाडाची दुसरी बाजू पुढची दोन वर्षं तरी उकरू नका.

दुसरा प्रकार, आपोआप आलेले फुटवे उचलणं. इथे घाई नडते. फुटवा दिसला की लोक तो उपटतात आणि त्याला स्वतःची मुळं नसल्याने तो मरतो. जूनमध्ये फुटव्याच्या आईकडच्या बाजूचं मूळ फक्त तोडा आणि फुटवा जागेवरच राहू द्या. महिना-दीड महिन्यात तो आपली मुळं सोडतो. मग भर पावसात मातीच्या गड्ड्यासकट उचला आणि त्याच दिवशी लावा. दुपारच्या आत.

लागवड

खड्डे एप्रिल-मेमध्ये, दीड बाय दीड बाय दीड फुटाचे. उन्हात तापू द्या. भरताना वरची माती खाली, शेणखत एक-दोन घमेली, वाळवीचा भाग असेल तर मूठभर निंबोळी पेंड. लागवड जूनमध्ये पाऊस स्थिरावल्यावर, जुलैच्या पहिल्या आठवड्यापर्यंत. नंतर लावलेल्याला पावसाचे दिवस कमी मिळतात, मूळ खोल जात नाही आणि पहिला उन्हाळा जड जातो.

पिशवी ब्लेडने उभी फाडा, ओढून काढू नका. मुळाने तळाशी वळण घेतलेलं दिसलं तर तेवढं टोक छाटा. रोप पिशवीत होतं तेवढंच खोल लावा. उतारावर असेल तर वरच्या अंगाला नव्हे, खालच्या अंगाला मातीची छोटी कमान करा म्हणजे पाणी थांबून मुरेल. सपाटीला मात्र आळं नको, बुंध्याशी थोडा उंचवटा हवा.

पहिली पाच वर्षं

गुरं आणि शेळ्या ह्या पानावर तुटून पडतात. गव्यांचा आणि सांबरांचा वावर असलेल्या गावांत तर कुंपणाशिवाय शिसव लावणं व्यर्थ आहे. प्रत्येक रोपाला काट्यांचा वेढा घाला. करवंदीच्या फांद्या फुकट मिळतात आणि दोन वर्षं टिकतात.

गवत पावसाळ्यात दोनदा काढा, ऑगस्टमध्ये आणि ऑक्टोबरात. ऑक्टोबरचं काढलेलं गवत बुंध्यापासून वीतभर दूर आच्छादन म्हणून पसरा, पण जानेवारी संपायच्या आत ते तिथून हलवा. वणव्याच्या दिवसांत बुंध्याशी वाळकं गवत म्हणजे सरण. तुकड्याच्या कडेने तीन मीटर रुंदीची जाळरेषा, म्हणजे वणवा अडावा म्हणून गवत आधीच जाळून मोकळा केलेला पट्टा, काढायची ती जानेवारीतच, होळीची वाट बघायची नाही. जळालेला शिसव मरत नाही, मुळातून पुन्हा फुटतो, पण तीन-चार कोंबांचं झुडूप होऊन. तसं झालंच तर पुढच्या पावसात सगळ्यांत सरळ कोंब ठेवून बाकीचे जमिनीसरशी कापा. मूळ जुनं असल्याने तो कोंब नव्या रोपापेक्षा भराभर वर येतो.

पाणी पहिले दोन उन्हाळे. पंधरा दिवसांतून एकदा, पण भरपूर. रोज लोटाभर घालू नका, वरच्या वर ओल मिळाली की मूळ खाली जाणं सोडून वर पसरतं.

दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी शेंडा दुभंगतो. हिवाळ्यात कमजोर शेंडा काढून टाका. बाजूच्या फांद्या खालच्या एक तृतीयांश उंचीपर्यंतच काढा. सगळ्या एकदम काढून खोड ‘स्वच्छ’ केलं की ते बारीक राहतं आणि वाऱ्याने वाकतं.

कागद

लाकडाच्या आधी कागद, कारण तो आजच करायचा आहे. ई-पीक पाहणीच्या ॲपमध्ये बांधावरची झाडं नोंदवायची सोय आहे. पहिल्याच वर्षी संख्या टाका आणि सातबाऱ्यावर आलेली नोंद तपासा. झाड तुम्ही लावलेलं आहे, रानातलं नाही, हे पन्नास वर्षांनी सिद्ध करायला तुमच्या नातवाकडे दुसरं काही नसेल.

महाराष्ट्रात खाजगी जमिनीवरची झाडं तोडण्याचं नियमन करणारा कायदा १९६४ चा आहे, आणि आदिवासी खातेदारांच्या झाडांच्या विक्रीसाठी १९६९ चा वेगळा कायदा आहे. तोडायच्या आधी वन परिक्षेत्र कार्यालयात आणि तहसीलमध्ये लेखी अर्ज करा, पोच घ्या. लाकूड हलवायला वाहतूक परवाना लागतो. तोड कायदेशीर असली तरी परवान्याशिवायची गाडी अडते. दोडामार्ग तालुक्यात तर उच्च न्यायालयाने २०१३ साली वृक्षतोडीवर बंदीच घातली. राज्याबाहेर नियम आणखी वेगळे. केरळात शिसव ‘राजवृक्षां’त मोडतो, सरकारने वाटप केलेल्या जमिनीवरही त्यावरचा हक्क सरकारने स्वतःकडे राखलेला असतो, आणि २०२१ मध्ये वायनाडमधल्या मुट्टिल गावची शिसवाची तोड त्यावरूनच राज्यभर गाजली.

परदेशी राहणाऱ्यांसाठीही दोन ओळी. २ जानेवारी २०१७ पासून हे झाड ‘साइटिस’ या, धोक्यातल्या प्राणी-वनस्पतींच्या व्यापारावरच्या, आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आहे, म्हणजे ते देशाबाहेर न्यायला परवाना लागतो. २०१९ च्या दुरुस्तीने तयार वाद्यं आणि एका खेपेत शिसवाचं लाकूड दहा किलोपर्यंत असलेल्या तयार वस्तू यांना त्यातून सूट मिळाली. म्हणजे आजीचा पाट नेता येईल, पण अख्खा देव्हारा किंवा झोपाळा जहाजाने पाठवायच्या आधी परवाना लागतो का ते इथे आणि तिथे, दोन्हीकडे विचारून घ्या.

लाकूड

तरण्या शिसवात काळा गाभा बारीक असतो, बाहेरचं पिवळट पांढरं लाकूडच जास्त. ते किडीला आवडतं, त्यातून भुसा पडायला लागतो. शिसवाची किंमत गाभ्याची आहे, आणि गाभा भरायला काही दशकं लागतात. पंधरा-वीस वर्षांत कापून पैसे करायचे असतील तर हे झाड तुमचं नाही, हे मी स्पष्टच सांगतो.

वादळाने पडलेलं किंवा परवानगीने तोडलेलं झाड हाती आलं तर ओंडक्याची दोन्ही टोकं त्याच दिवशी तेलरंगाने किंवा मेणाने बंद करा. न केल्यास टोकांना आठवड्यात भेगा पडतात. फळ्या कापून, मध्ये सारख्या जाडीच्या पट्ट्या ठेवून, सावलीत वारा खेळेल अशा रचा. इंचभर जाडीला साधारण एक वर्ष धरा. कापताना आणि घासताना नाकातोंडाला फडकं बांधा. हा भुसा पुष्कळांना बाधतो, अंगावर पुरळ येतं, शिंका आवरत नाहीत.

जुनी वस्तू खरी शिसवी आहे का हे लोक स्पिरिटने पुसून बघतात. कापूस जांभळा झाला की म्हणतात, रंग लावलाय. चुकीचं आहे. खऱ्या शिसवाच्या गाभ्याचाच रंग स्पिरिटमध्ये उतरतो. त्याऐवजी वस्तू उलटी करा. आमच्या घरच्या पाटाला खालून, जिथे रंधा नीट फिरलेला नाही, तिथे एका कडेला बोटभर पिवळट पट्टी आहे, आणि तिच्या लगेच शेजारी, मधे कसलीही छटा न घेता, जांभळट काळं लाकूड सुरू होतं. त्या काळ्यात आणखी काळ्या रेघा आहेत, आणि त्या फळीच्या कडेवरून वळून आत जातात. वरून फासलेल्या रंगाला अशी कड वळून आत जाता येत नाही.

बारा वर्षांपूर्वीची ती शिसूची रोपं मी काढली नाहीत. त्यांच्या सावलीत, दोन-दोनच्या मध्ये, आता खाच असलेल्या पानांची चौतीस झाडं आहेत. एकवीस मुळांच्या तुकड्यांची, तेरा बियांची. बियांची अजून कमरेएवढी आहेत. ह्या जूनमध्ये आणखी सहा खड्डे घेतलेत, पहार कुठेच खणखणली नाही.